भुवयांपर्यंतचा मुकुट

९ एप्रिल १९५३

आले एकदाचे! रोमची लॉरी सकाळपासून चौकात उभी आहे आणि अख्खं मोन्तेकाल्यो गाव तिच्याभोवती गोळा झालंय, जणू सर्कसच आली. तारा, दिवे, लोखंडी रूळ, आणि घरघर करणारा एक जनरेटर. म्हणे आमच्या मरियामातेच्या चित्राची फिल्म काढणार! चित्राची! जे चित्र जागचं हलत नाही, त्याचं हलतं चित्र. शहाण्यांनो, मग पुतळ्याची शर्यत का नाही लावत?

दिग्दर्शक आहे लान्फ्रांको नावाचा. गळ्यात रेशमी रुमाल, पायात उन्हाळी बूट. एप्रिलमध्ये आमच्या डोंगरावर उन्हाळी बूट! मी खिडकीतूनच पाहिलं. चौक ओलांडताना दोनदा घसरला. तिसऱ्यांदा पडला असता तर मी खाली जाऊन ओळख करून घेतली असती.

१० एप्रिल

फादर कालिस्तो त्या रुमालवाल्याला घेऊन घरी आले. फादर म्हणजे माझ्याच हाताखाली शिकलेलं पोर. भागाकार कधी जमला नाही, बाकी उरली की रडायचा. आता गावाचे आत्मे सांभाळतो.

"झेलिंडाबाई, हे दिग्दर्शक लान्फ्रांको. चित्रांच्या फिल्म काढण्यात यांचा हात धरणारा कोणी नाही."

"बरं," म्हटलं. "बूट पुसून आत या."

बसल्यापासून त्याने तोंड मिटलं नाही. चित्र म्हणे झोपलेलं असतं, कॅमेरा त्याला जागं करतो. आपण रुळांवरून अगदी जवळ जाणार, मरियामातेच्या पसरलेल्या झग्याखाली जे लोक गुडघे टेकून बसलेत त्यांचा एकेक चेहरा घेणार, एकेकाचा हात, एकेकाची मिशी. मी विचारलं, "आणि झग्याचा निळा रंग?" तर म्हणाला, फिल्म काळी-पांढरी आहे. मी हसले. मोठ्यांदा हसले! तो निळा रंग पाहायला माणसं दोन डोंगर ओलांडून चालत येतात आणि हा दीडशहाणा तो राखेच्या रंगात दाखवणार.

मग खरं कारण बाहेर आलं. फादर खुर्चीच्या कडेवर सरकले. लहानपणी उत्तर येत नसलं की असेच सरकायचे.

"बाई, चित्रावरचा चांदीचा मुकुट काढावा लागेल. चित्रीकरणापुरता. मरियामातेचा अर्धा चेहरा त्याखाली झाकलाय."

मी उठून दार उघडलं. फादर गेले. रुमालवाला जाताना परत उंबऱ्यावर अडखळला.

मुकुट निघणार नाही. माझ्या जिवात जीव असेपर्यंत नाही.

११ एप्रिल

झोप नीट लागली नाही. लिहूनच टाकते. या वहीशिवाय बोलायला कोण आहे मला? मांजर आहे, पण ते दोन्ही घरचं खातं.

भूकंपात चर्चची तुळई पडली ती नेमकी चित्रावर. झगा वाचला, झग्याखालची माणसं वाचली, मरियामातेचा चेहरा मात्र हनुवटीपासून केसांपर्यंत गेला. काही वर्षं ती बिनचेहऱ्याची उभी होती आणि लोक तिच्यापुढेच मेणबत्त्या लावत होते. मग फ्लॉरेन्सहून चित्रं दुरुस्त करणारा माणूस आणला. ओदोने. त्याला राहायला आमची वरची खोली दिली. मी तेव्हा सव्वीस वर्षांची, शाळेत नुकतीच कायम झालेली, औषधवाल्या जेर्वासियोशी लग्न ठरलेलं. धाकटी बहीण आर्जिया माझ्याहून सात वर्षांनी लहान. उनाड. डोक्यात वारं भरलेलं. माझ्या डाव्या भुवईतला हा वण तिचीच देणगी. चार वर्षांची असताना कोंबड्यांच्या खुराड्याचं दार माझ्या तोंडावर आपटलं आणि वर हसली होती!

ओदोने जेवायला आमच्या टेबलावर बसायचा. कसला माणूस! मान खाली घालून ताटाशी बोलल्यासारखा जेवायचा. मी मीठ हवं का विचारलं की कान लाल. साधं वर बघायची छाती नव्हती. पण आर्जियाशी? जिन्यात खुसखुस, अंगणात खुसखुस. मी आले की दोघं गप्प. आणि दुपारी ही बया टोपलीत भाकरी नि चीज घेऊन चर्चमध्ये त्याच्याकडे जायची, ती तास-तासभर बाहेर यायची नाही. परांचीवर पडदे लावलेले. आत कोण बसायचं नि कशाला, हे गावाला काय सांगावं लागतं?

गाव बोलायला लागलं, तो हिचाच चेहरा काढतोय. मरियामातेला आर्जियाचा चेहरा! जेर्वासियोच्या आईने निरोप धाडला: असल्या घरातली मुलगी आम्हाला नको. जेर्वासियो स्वतः आलाच नाही. ओदोने काम संपल्यावर एका पहाटे निघून गेला, माझा निरोपही न घेता. आणि आर्जिया? तोंड शिवून बसली. एक शब्द नाही. माफी नाही, रडणं नाही.

मी स्वयंपाकघरात मधोमध भिंत घातली. एका बाजूला माझी चूल, पलीकडे तिची. एक दार, एक जिना, दोन धुराडी. तेव्हापासून तिच्याशी बोललेली नाही. तिला काही सांगायचं झालं तर ती मांजराला सांगते. "मने, छप्पर गळतंय गं." मग मी मांजराला सांगते, "मने, गवंडी बोलावलाय म्हणावं." असं चाललंय.

देवाचीच कृपा म्हणायची की त्यानंतर मुकुट आला. चेहरा नवा झाला म्हणून गावाने चांदीचा मुकुट करायचं ठरवलं, आणि तो होईपर्यंत चित्रावरचा पडदा उघडायचा नाही असंही. घरटी चांदी गोळा झाली. चमचे, कानातली, मेलेल्या आजोबांच्या बटणांपर्यंत. आणि आमच्या गावचे लोक! आमचा चमचा वितळवला की नाही, तो शेजाऱ्याचाच का आधी, आमची चांदी परत द्याल तर बघा! कुणाची चांदी वगळायची कुणाची हिंमत नव्हती. सोनाराने जेवढी आली तेवढी सगळी ओतली. मुकुट एवढा जाड नि एवढा थोरला झाला की चित्रातल्या डोक्यावर ठोकून बसवला तो थेट भुवया गिळून डोळ्यांवर टेकला. आमची मरियामाता टोपी घसरलेल्या पोस्टमनसारखी दिसते. पण कोणी बोललं नाही. चांदी सगळ्यांची होती ना!

त्यात चित्र वेदीच्या वर उंच, पुढे धुराने काळवंडलेली काच, त्यापुढे पडदा. पडदा उघडतो वर्षातून एकदा, मरियामातेच्या सणाला, आठ सप्टेंबरला. तोंड असं कुणाला दिसतच नाही. लोकांना चांदी दिसते. आणि मी तर त्या चित्राकडे तेव्हापासून मान वर करून पाहिलेलंच नाही. प्रार्थना मी चित्रातल्या खालच्या शेतकऱ्यांच्या पायांकडे बघून करते.

आता मुकुट काढून तो चेहरा पडद्यावर खाटेएवढा करून दाखवणार. माझ्या डोळ्यांदेखत अख्खं गाव आर्जियापुढे गुडघे टेकणार. जिने माझा संसार उधळला तिच्यापुढे! त्यापेक्षा पुन्हा भूकंप आलेला बरा.

१२ एप्रिल

फादरने प्रवचनात "कलेची सेवा" असा शब्द वापरला. दोनदा. उच्चार चुकला.

१४ एप्रिल

चर्चचा कारभार बघणाऱ्या बंधुमंडळाचा नियम आहे: मुकुटाला हात लावायचा तर मत घ्यायचं. चांदी घरटी दिली, मत घरटी. पांढरा घेवडा म्हणजे हो, काळा म्हणजे नाही. आणि घर म्हणजे काय, तर धुराडं. जितकी धुराडी तितकी घरं. आमच्याकडे पणज्या-खापरपणज्यांपासून माणसं अशीच मोजतात.

मी दारोदार फिरले. निम्मं गाव माझ्या हाताखालून गेलंय, त्याचा उपयोग कधी करायचा? खाटकाकडे गेले, त्याने सुरा खाली ठेवला. म्हटलं, "मुकुट उतरला तर तुझ्या आजीची कर्णफुलं त्या रुमालवाल्याच्या हातात जातील. परत येताना वजन तेवढंच राहील का रे?" त्याचा चेहरा पडला. काळा घेवडा पक्का. बेकरीवालीकडेही हेच. पुढच्या गल्लीतही हेच. माणसाला आत्म्याची भीती घालून उपयोग नाही, चमच्याची घालावी.

जेर्वासियोच्या दुकानातही गेले. ढेरी गल्ल्यावर टेकवून उभा होता. याच्यासाठी मी रडले होते! देवा, बाईला तरुणपणी डोळे का देत नाहीस?

"झेलिंडाबाई, आपण आता म्हातारे झालो. काढू देत की मुकुट. मला तर बघायचंय बुवा, खरंच ती आहे का."

"तुझी आई असती तर?"

"आई असती तर काळा घेवडा टाकला असता," म्हणाला आणि खोकल्याच्या गोळ्या मोजायला लागला. तीस वर्षांपूर्वीही असंच, आई म्हणेल ते. आता आई नाही तर रोमवाला म्हणेल ते.

१६ एप्रिल

पलीकडून आवाज आला. "मने, मुकुट निघाला तर बरं होईल गं. किती वर्षं झाली."

निर्लज्ज! म्हातारपणीही आरशाची हौस फिटली नाही.

मांजराला शेपूट उचलून हाकलून दिलं.

१९ एप्रिल, रविवार

हरले. एका दाण्याने!

चर्चमधली मिस्सा झाल्यावर सगळे सभागृहात. मडकं फिरलं. ज्याचं-त्याचं दाण्याएवढं पाप मडक्यात. मी माझा काळा टाकला आणि सुखाने बसले. खाटीक, बेकरीवाली, खालची गल्ली, सगळे माझे. मग मडकं आर्जियापुढे गेलं.

मी उठले. "हिला कसलं मत? आमचं घर एक आहे. दार एक आहे. मोठी मी आहे."

 फादरने चष्मा काढला, पुसला, परत घातला. मग म्हणाले, "बाई, तीस वर्षं तुम्हीच सांगत आलात की तुमचं घर वेगळं. भिंत तुम्ही घातलीत. धुराडी दोन आहेत. मी स्वतः दोन्ही घरांना वेगवेगळा ईस्टरचा आशीर्वाद देतो, आणि त्याबद्दल मला दोन्हीकडून अंडी मिळतात."

मागून कोणीतरी खिदळलं. खाटीकच असणार. मी खाली बसले. बोलले असते तर भिंत खोटी ठरली असती.

आर्जियाने पांढरा दाणा टाकला. टाकताना माझ्याकडे पाहिलं. हसली नाही, एवढं मात्र खरं. मोजणी झाली. पांढरे एकाने जास्त. तिचा नसता तर बरोबरी, आणि बरोबरीत मुकुट हलत नाही.

माझ्याच भिंतीने मला बुडवलं. घरी आले आणि त्या भिंतीवर एक जोडा फेकून मारला. पलीकडून मांजराला विचारलं गेलं, "मने, काय पडलं गं?"

२१ एप्रिल

मुकुट उतरवला. मी गेले नाही. फादरने सांगितलं की चार जण लागले आणि उशीवर ठेवला तर उशी फाटली. कौतुकाने सांगत होते.

चित्रीकरण चालेल तोवर मी खालच्या गल्लीतल्या चर्चमध्ये मिस्सेला जाणार. तिथला फादर बहिरा आहे. आजकाल हा गुण आहे.

२२ एप्रिल

ऐकलं ते असं: चर्च गावाला बंद, रूळ घातलेत थेट वेदीपर्यंत. जिथे आम्ही वहाणा वाजवत नाही तिथे ट्रॉली! सकाळभर एका शेतकऱ्याचा अंगठा घेतला. दुपारी बाळ येशूचा कान. उद्या मिशी. मरियामाता म्हणजे काय खाटकाचं दुकान आहे, हे मुंडकं, हा खूर, ही जीभ? माझ्या आईने हे चित्र आयुष्यभर अख्खं पाहिलं, गुडघ्यावर बसून, आणि तिला सगळं समजलं. यांना अंगठा समजायला अर्धा दिवस लागला. आणि जनरेटर पुरत नाही म्हणून दिवे गावाच्या तारेवर; ते पेटवले की गावातली वीज जाते. त्यांना उजेड हवा म्हणून आम्ही अंधारात.

आणि आर्जिया! टोपलीत भाकरी नि चीज घेऊन रोज जाते. रोज! त्याच दारातून, त्याच वेळेला. केस पांढरे झाले, चाल बदलली नाही. मी खिडकी बंद करून घेतली.

२४ एप्रिल

रुमालवाला आता गावकऱ्यांचे चेहरे घेत फिरतोय. चित्रातल्या शेतकऱ्यापाठोपाठ खरा शेतकरी, चित्रातल्या म्हातारीपाठोपाठ खरी म्हातारी. "चेहरे तेच आहेत, काळ फक्त कपडे बदलतो!" असं चौकात ओरडून सांगत होता. जेर्वासियो म्हणे सकाळपासून दाढी करून वाट बघत बसला. त्याला घेतलं नाही! वर्षभरातली एवढी एकच चांगली बातमी.

२५ एप्रिल

कॅमेरावाला आला. ओस्वाल्दो. हा जरा बरा, कमी बोलतो. एक डोळा सतत बारीक. भिंगातून बघून-बघून तसाच राहिला असेल.

दारात टोपी हातात घेऊन उभा राहिला आणि माझ्याकडे बघतच राहिला.

"काय हवंय?"

"बाई, तुमचा... म्हणजे... तुम्ही खिडकीजवळ बसलात तर? फक्त थोडं. उजेड छान आहे."

"माझा चेहरा? कोणत्या म्हातारीपाठोपाठ लावणार?"

तो गडबडला. "म्हातारीपाठोपाठ नाही हो. बाई, तुम्ही एकदा चर्चमध्ये येऊन बघा तरी. आता काच पण काढलीय. मी शिडी धरतो."

शिडी धरतो म्हणे! आर्जियाला जवळून बघायला मी शिडी चढू? "माझ्या घरात तोंड बघायला आरसा आहे. बाकी कुणाची तोंडं बघायची मला हौस नाही," म्हटलं आणि दार लावून घेतलं. जिन्यात त्याला आर्जिया भेटली असावी. दोघांचा हलका आवाज आला. खुसखुस. पुन्हा तीच खुसखुस, त्याच जिन्यात. मी दाराला कडीही घातली. राग आला म्हणून नाही. सव्वीस वर्षांची असताना जसं एकटं वाटलं होतं ना, तसंच वाटलं. आता या वयात! आणि तेही एका कॅमेरावाल्यामुळे. स्वतःची शरम वाटली.

२८ एप्रिल

गेले. लॉरी गेली. चौकात तेलाचा डाग आणि चर्चच्या फरशीवर रुळांचे ओरखडे. फादर म्हणतात, "इतिहासाच्या खुणा." घासायला मात्र बायकांना बोलावलंय.

मुकुट परत चढला. खाटीक वजनकाटा घेऊन गेला होता! वजन बरोबर भरलं. बिचाऱ्याची निराशा झाली.

८ सप्टेंबर

पडदा उघडला. घंटा वाजल्या. सगळं नेहमीसारखं. मी शेतकऱ्यांच्या पायांकडे बघून प्रार्थना केली. आर्जिया चार ओळी पुढे बसली होती. ती मात्र वर बघत होती. पूर्ण वेळ. स्वतःचंच तोंड बघून माणसाचं पोट कसं भरतं कोण जाणे.

११ ऑक्टोबर

फिल्म आली! पुढच्या रविवारी सभागृहात दाखवणार. खिडक्यांना घोंगड्या लावून दुपारी. रुमालवाला स्वतः येणार नाही. त्याला व्हेनिसला कुठलंसं बक्षीस घ्यायचं आहे. ओस्वाल्दो मात्र येतोय, फिल्मची डबडी घेऊन.

फादर आमंत्रण द्यायला आले. मी म्हटलं, "काळ्या-पांढऱ्या अंगठ्यासाठी मी जिना उतरणार नाही."

"या हो बाई. तुम्ही नाही आलात तर शोभा नाही." मग उठता-उठता म्हणाले, "मी एकदा पाहिलीय. रोमला. तुम्ही यायलाच हवं." नजर चोरत होते. उत्तर येतंय, पण सांगायची मनाई आहे, अशा वेळी पोरं असंच बघतात. मी विचारलं काय आहे, तर टोपी घेऊन पळाले.

समजलं मला. आर्जिया आहे ती. फादरनेही ओळखली. म्हणून मला आधीच सांभाळून घेतोय.

१५ ऑक्टोबर

"मने, ती येईल का गं रविवारी?"

मी पातेलं घासत राहिले.  मग आवाज आला, "ती आली नाही तर मी पण जाणार नाही म्हणावं."

हे नवीनच. आजवर माझ्यासाठी ही बाई कुठे जायची थांबली नव्हती.

१७ ऑक्टोबर

जाणार. ठरवलं.

तोंड लपवून घरात बसायचं ते मी का? चोरी तिची, लपायचं मी? काळा पोशाख काढला, इस्त्री केली. शेवटच्या ओळीत बसेन, दाराजवळ. अंगठे, कान, मिश्या सगळं बघेन. तिचं तोंड आलं की उठेन, खुर्चीचा आवाज करेन, आणि अख्ख्या गावाच्या देखत बाहेर पडेन. गाव बघू दे. तीस वर्षांपूर्वी मी हेच करायला हवं होतं. तेव्हाच केलं असतं तर मन मोकळं झालं असतं. भिंतीने नुसता धूर कोंडला.

आरशात बघून अंबाडा बांधला. तोंडाकडे एरवी बघत नाही मी. आज बघितलं. सुरकुत्या आणि आर्जियाचा वण. झालं.

१८ ऑक्टोबर, जेवण झाल्यावर

निघतेय. जिन्यात तिची पावलं वाजताहेत. ती थांबलीय. मी आधी उतरावं म्हणून थांबली असेल. थांब म्हणावं! थांबायची सवय मला जास्त आहे.

१९ ऑक्टोबर

ती आर्जिया नव्हती.

अंगठा झाला, कान झाला, मिशी झाली. मग कॅमेरा निळ्या झग्यावरून हळूहळू वर गेला. झगा राखेच्या रंगाचाच, तरी छान दिसला, खोटं कशाला बोलू. मी खुर्चीची पाठ धरून उठले आणि पडद्यावर माझी डावी भुवई आली. मधोमध वण! ओदोनेने तोसुद्धा सोडला नव्हता. मग माझं नाक. माझे ओठ, हसायच्या बेतात. मी कधी अशी दिसत होते? अख्खं सभागृह मागे वळून माझ्याकडे बघायला लागलं. जेर्वासियोची टोपी खाली पडली.

मी तशीच उभी. आर्जिया शेजारी येऊन बसलेली. मांजर नव्हतं, तर मलाच बोलली.

"तुझ्याकडे वर बघायची त्याची छाती नव्हती गं ताई. रोज मला विचारायचा, वण कुठपासून कुठवर आहे, हसताना ओठ कोणत्या बाजूने वर जातो. तुझं लग्न ठरलेलं. गाव मला नावं ठेवत होतं, म्हटलं ठेवू दे, तुझं तर नीट पार पडेल."

"मग नंतर? नंतर का नाही बोललीस?"

"तू विचारलंस कधी?"

आज मक्याच्या पिठाचा पोलेंटा माझ्या चुलीवर शिजला. ताटं दोन. आर्जियाने मीठ जास्त घातलं, ते मी तिला तोंडावर सांगितलं. पलीकडची चूल थंड आहे. फादर सकाळी चौकातून वर बघत उभे होते. धुराडी मोजत असतील. गावाच्या हिशेबात एक घर कमी झालं.